जामीनदारावर कोर्टाची वसुली आली तर: नोटिशीपासून पैसे परत मिळवेपर्यंत काय करायचं

वसुलीची नोटीस हातात पडल्यावर जामीनदार हमखास एकच प्रश्न विचारतो. कर्ज त्याने घेतलं, पैसे त्याने वापरले, त्याच्या नावावर जमीनही आहे, मग आधी माझ्याकडे का? प्रश्न रास्त आहे, पण कायद्याचं उत्तर जामीनदाराच्या बाजूचं नाही. भारतीय करार कायदा, १८७२ च्या कलम १२८ नुसार जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराच्या जबाबदारीइतकीच असते, करारात वेगळं लिहिलं असेल तरच ती कमी होते. सुप्रीम कोर्टाने १९६८ साली बँक ऑफ बिहार विरुद्ध दामोदर प्रसाद या प्रकरणात स्पष्ट केलं की धनकोने म्हणजे कर्ज देणाऱ्याने आधी कर्जदाराकडची वसुली संपवावी आणि मगच जामीनदाराकडे यावं, असं बंधन त्याच्यावर घालता येत नाही. हुकूमनामा (पैसे देण्याचा कोर्टाचा निकाली हुकूम) दोघांवर असेल तर बँक पहिल्याच दिवशी जामीनदाराच्या पगारावर जप्ती आणू शकते. आणि बहुतेकदा तसंच करते, कारण पगारदार माणूस सापडतो आणि त्याच्याकडून वसुली दर महिन्याला येत राहते.

त्यामुळे 'आधी त्याला पकडा' या वादावर वेळ घालवू नका. जामीनदाराला वाचवतात त्या गोष्टी तीन आहेत: तारखा न चुकणं, हुकूमनाम्यातले नेमके शब्द आणि भरलेल्या प्रत्येक रुपयाची कोर्टात झालेली नोंद.

पहिलं काम: हातातला कागद कोणता आहे ते ओळखा

गावाकडे सगळ्यालाच 'कोर्टाची नोटीस' म्हणतात. पण कागद बदलला की मुदत बदलते आणि दाद मागायची जागाही बदलते.

बँकेने किंवा वकिलाने पाठवलेली मागणी नोटीस म्हणजे अजून कोर्टात काही झालेलं नाही. तरी ती फेकू नका. जामीनरोख्यात 'मागणी केल्यावर देईन' असा शब्द असेल तर जामीनदाराविरुद्धची तीन वर्षांची मुदत साधारण मागणी नाकारल्यापासून मोजली जाते, म्हणून नोटिशीची तारीख पुढे उपयोगी पडते.

दिवाणी कोर्टाचं समन्स म्हणजे दावा सुरू झाला. बचाव मांडायची हीच जागा आहे. दावा समरी म्हणजे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ३७ खालचा झटपट दावा असेल तर समन्स मिळाल्यापासून १० दिवसांत हजर व्हावं लागतं. पुढे निकालासाठीचं समन्स आलं की आणखी १० दिवसांत बचावाची परवानगी मागावी लागते. हे १० दिवस गेले की लगेच हुकूमनामा होऊ शकतो.

दरखास्तीची (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या अर्जाची) नोटीस किंवा जप्तीचं वॉरंट आलं असेल तर हुकूमनामा आधीच झालेला आहे. हुकूमनामा होऊन दोन वर्षं उलटली नसतील तर ऑर्डर २१ नियम २२ ची आगाऊ नोटीस द्यावी लागत नाही. त्यामुळे बेलिफ (जप्ती बजावणारा कोर्टाचा कर्मचारी) थेट दारात उभा राहिला, यात बेकायदेशीर काही नाही.

सहकारी पतसंस्था किंवा नागरी बँकेचं कर्ज असेल तर 'कलम १०१ चा वसुली दाखला' आणि त्यामागोमाग वसुली अधिकाऱ्याची मागणी नोटीस येते. हा दाखला दिवाणी कोर्टाचा नसून सहकार खात्याच्या निबंधकाचा असतो, आणि त्याची वाट वेगळी आहे. मल्टिस्टेट संस्था आणि फायनान्स कंपन्या बऱ्याचदा लवादाचा निवाडा आणतात. निवाडा हुकूमनाम्यासारखाच बजावला जातो, आणि तो रद्द करून घ्यायला तीन महिने मिळतात, पुरेसं कारण दाखवल्यास आणखी ३० दिवस, त्यापुढे नाही.

जामीनदाराने स्वतःची मिळकत तारण दिली असेल तर सरफेसी कायद्याच्या (बँकेला तारण मिळकतीवर थेट कारवाई करू देणाऱ्या कायद्याच्या) कलम १३(२) ची ६० दिवसांची नोटीस येते. तिला लेखी हरकत दिली की बँकेने १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यायचं असतं. पुढे कलम १३(४) ची ताबा घेण्याची कारवाई झाली की डीआरटीत (कर्जवसुली न्यायाधिकरणात) अर्ज करायला ४५ दिवस मिळतात. शेतजमिनीला सरफेसी लागू होत नाही, हे लक्षात असू द्या.

आणखी एक प्रकार सहसा लक्षात येत नाही. स्थगिती मिळावी म्हणून एखाद्यासाठी कोर्टातच जामीन लिहून दिला असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४५ प्रमाणे वेगळा दावा न करता हुकूमनामा थेट त्या जामीनदारावर बजावता येतो. त्याआधी नोटीस मिळायला हवी, एवढंच.

दुसरं काम: नकला काढा आणि शब्द वाचा

ई-कोर्ट्स ॲपवर पक्षकाराच्या नावाने किंवा १६ अक्षरी सीएनआर क्रमांकाने (प्रत्येक प्रकरणाच्या स्वतंत्र क्रमांकाने) दावा आणि दरखास्त दोन्ही शोधता येतात. रोजनामा (तारखेवार कामकाजाची नोंद) वाचला की समन्स कधी बजावलं असं लिहिलंय आणि 'एकतर्फी' हुकूम कधी झाला, ते कळतं. मग नक्कल विभागात हुकूमनामा, निकालपत्र, दाव्याची प्रत, जामीनरोखा आणि समन्स बजावणीचा अहवाल यांच्या प्रमाणित नकलांसाठी अर्ज टाका. अर्जाची पावती जपून ठेवा. नक्कल मिळायला लागलेले दिवस अपिलाच्या मुदतीतून वजा होतात, पण त्यासाठी अर्जाची आणि नक्कल तयार झाल्याची तारीख दाखवावी लागते.

हुकूमनामा आला की या गोष्टी बघा:

- प्रतिवादी म्हणून तुमचं नाव आहे का, आणि रक्कम 'एकत्रितपणे व स्वतंत्रपणे' द्यायची आहे का. हा शब्द असेल तर पूर्ण रक्कम एकट्या तुमच्याकडून मागता येते.
- आधी तारण मिळकत विकावी आणि राहिलेली रक्कम जामीनदारांकडून घ्यावी, असं लिहिलंय का. असेल तर दरखास्तीत तोच क्रम पाळावा लागतो. नसेल तर तारण शिल्लक असूनही धनको थेट जामीनदारावर येऊ शकतो.
- जामीन ठरावीक रकमेपुरता होता का, आणि ती मर्यादा हुकूमनाम्यात उतरली का.
- व्याजाचा दर किती, सरळ की चक्रवाढ, आणि कोणत्या तारखेपासून.

व्याजाच्या ओळीवर सगळ्यात जास्त पैसे जातात. समजा हुकूमनाम्यात मुद्दल ४,००,००० रुपये, दाव्याच्या तारखेपासून द.सा.द.शे. ९ सरळ व्याज आणि खर्च २२,००० रुपये असं लिहिलंय. चार वर्षांचं व्याज १,४४,०००, म्हणजे एकूण ५,६६,००० रुपये. बँकेच्या संगणकात मात्र खातं जुन्या करारानेच चालू असतं. १३.५ टक्के वार्षिक चक्रवाढीने तेच मुद्दल चार वर्षांत सुमारे ६,६३,८०० होतं आणि खर्च धरून दरखास्तीत ६,८५,८०० ची मागणी लागते. फरक जवळपास १,२०,००० रुपयांचा. दरखास्त चालवणारं कोर्ट हुकूमनाम्याच्या पलीकडे जाऊ शकत नाही, आणि हा नियम धनकोलाही लागू आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ४७ खाली अर्ज देऊन हिशेबाचा तक्ता जोडा आणि बँकेकडून खातेउतारा मागवा. कर्जदाराने मधल्या काळात भरलेले हप्ते वजा झालेत का, तेही ताडून बघा. भरणा आधी खर्च व व्याजात आणि मग मुद्दलात जमा होतो, त्यामुळे स्वतःचा हिशेबही त्याच क्रमाने मांडा. नाहीतर तुमचाच तक्ता खोडला जाईल.

तिसरं काम: तारखांचा कागद भिंतीवर लावा

हुकूमनामा एकतर्फी झाला असेल तर तो रद्द करण्याचा अर्ज ऑर्डर ९ नियम १३ खाली ३० दिवसांत करायचा असतो. समन्स नीट बजावलंच गेलं नसेल तर हे ३० दिवस हुकूमनाम्याची माहिती झाल्यापासून मोजतात. म्हणूनच बजावणीचा अहवाल महत्त्वाचा. समन्स जुन्या पत्त्यावर लावलं होतं का, दाराला चिकटवलं असेल तर पंच कोण होते, त्या काळात तुमची बदली झाली होती का, हे कागदाने दाखवा. 'मला काही माहीत नव्हतं' एवढं तोंडी सांगून हुकूमनामा रद्द होत नाही.

अपील जिल्हा न्यायालयात ३० दिवसांत, उच्च न्यायालयात ९० दिवसांत. नुसतं अपील दाखल केलं म्हणून वसुली थांबत नाही, हे अनेकांना जप्ती झाल्यावरच कळतं. स्थगितीसाठी वेगळा अर्ज लागतो, आणि पैशाच्या हुकूमनाम्यात कोर्ट बहुधा काही रक्कम भरायला किंवा तारण द्यायला सांगतं. ती सोय करूनच अर्ज करा.

धनकोकडे मात्र वेळ भरपूर असतो. दरखास्त दाखल करायला त्याला १२ वर्षं मिळतात. चार-पाच वर्षं कोणी आलं नाही म्हणजे प्रकरण मिटलं, असं धरून चालू नका.

कोणते बचाव टिकतात आणि कुठे

करार कायद्यात जामीनदाराच्या बाजूची कलमं आहेत. जामीनदाराला न विचारता कराराच्या अटी बदलल्या (कलम १३३), धनकोने कर्जदाराला मोकळं केलं (१३४), त्याच्याशी परस्पर तडजोड केली किंवा मुदत वाढवून दिली (१३५), किंवा हातातलं तारण घालवलं (१४१), तर जामीनदार पूर्ण किंवा त्या प्रमाणात सुटतो. दोन जामीनदार घेणार असं ठरलं असताना दुसऱ्याची सहीच घेतली नसेल, तर कलम १४४ पुढे करता येतं. महत्त्वाची गोष्ट दडवून सही घेतली असेल तर कलम १४३.

दोन अडचणी आहेत. बँकांच्या छापील जामीनरोख्यात यातले बरेच हक्क सोडून दिल्याचं कलम आधीच छापलेलं असतं, आणि सही करताना ते कोणी वाचत नाही. दुसरी अडचण त्याहून मोठी: हे बचाव दाव्यातच मांडायचे असतात. हुकूमनामा पक्का झाल्यावर दरखास्तीत ते ऐकले जात नाहीत. समन्सकडे दुर्लक्ष केलेल्या जामीनदाराचं खरं नुकसान इथेच होतं.

न टिकणारे बचावही सांगून ठेवू. 'मी फक्त सहीपुरता होतो' चालत नाही, कारण जामीनदाराला त्यातून काही मिळायलाच हवं असं कायदा म्हणत नाही, कर्जदाराला कर्ज मिळालं एवढं पुरतं. धनकोने नुसता उशीर केला, दावा लांबवला, तर कलम १३७ प्रमाणे जामीनदार सुटत नाही. एका जामीनदाराला बँकेने सोडलं म्हणून दुसरा सुटत नाही (कलम १३८). कर्जदार वारला म्हणून झालेल्या कर्जाची जबाबदारी संपत नाही. जामीनदार स्वतः वारला तर त्याचे वारस त्याच्याकडून आलेल्या मिळकतीपुरतेच जबाबदार असतात, स्वतःच्या कमाईतून नाही. कर्जदार कंपनी दिवाळखोरीत गेली तरी तिला मिळणारी वसुलीची तहकुबी वैयक्तिक जामीनदाराला लागू होत नाही.

काय जप्त होतं, काय नाही

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० मध्ये सूट असलेल्या गोष्टींची यादी आहे. अंगावरचे आणि घरातले आवश्यक कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण यांना हात लावता येत नाही. धार्मिक रिवाजाप्रमाणे बाईला अंगावेगळे करता येत नाहीत असे दागिनेही सुटतात, म्हणजे मंगळसूत्र बेलिफला काढून घेता येत नाही. कारागिराची हत्यारं, शेतकऱ्याची अवजारं आणि चरितार्थाला लागणारी जनावरं, शेतकऱ्याचं राहतं घर यांनाही सूट आहे. शेतजमिनीला मात्र नाही, आणि नोकरदाराचा शहरातला राहता फ्लॅटही या यादीत येत नाही. स्वतः गहाण ठेवलेल्या घराला ही सूट मिळणार नाही.

भविष्यनिर्वाह निधी, ग्रॅच्युइटी आणि पेन्शन सुरक्षित आहेत. निवृत्तीची रक्कम मुदत ठेवीत ठेवली तरी तिचं संरक्षण जात नाही, असं सुप्रीम कोर्टाने राधेश्याम गुप्ता विरुद्ध पंजाब नॅशनल बँक या प्रकरणात सांगितलं आहे. फक्त ती रक्कम निवृत्तीचीच आहे हे दाखवता आलं पाहिजे. म्हणून पेन्शनचं खातं वेगळं ठेवा, त्यात शेतीचे किंवा भाड्याचे पैसे मिसळू नका.

आता पगार. दर महिन्याच्या पगारातले पहिले १,००० रुपये आणि उरलेल्या रकमेचा दोन तृतीयांश भाग जप्त होत नाही. जप्तीयोग्य पगार ४०,००० असेल तर १,००० बाजूला, राहिले ३९,०००, त्यातले २६,००० सुरक्षित. म्हणजे महिन्याला जास्तीत जास्त १३,००० रुपये कापले जातील. जप्तीतून वगळल्याचं जाहीर झालेले भत्ते हिशेबात धरत नाहीत. घराचा हप्ता आधी वजा करून मग हिशेब होत नाही, त्यामुळे ज्याचा हप्ता मोठा आहे त्याला ही कपात फार जाणवते.

त्याच कलमातली पुढची ओळ कार्यालयातल्या पगार लिपिकालाही बहुतेकदा माहीत नसते. एकाच हुकूमनाम्यापोटी पगाराची कपात सलग किंवा तुटक मिळून २४ महिने झाली, की त्या हुकूमनाम्यासाठी तो पगार कायमचा मोकळा होतो. वरच्या उदाहरणात २४ महिन्यांत ३,१२,००० रुपये जातील. पुढची कपात आपोआप थांबत नाही. २४ पगारपत्रकं जोडून कोर्टात अर्ज द्यायचा, हुकूम घ्यायचा आणि तो आस्थापना शाखेत आवक क्रमांकासह द्यायचा. तोवर कपात चालूच राहते. अर्थात उरलेली रक्कम माफ होत नाही. धनको मिळकतीकडे वळू शकतो. पतसंस्थेला पगारातून परस्पर कपातीचं संमतीपत्र लिहून दिलं असेल तर ती कपात कोर्टाच्या जप्तीहून वेगळी, महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम ४९ खालची असते. दोन्ही चालू असतील तर दोन्ही आकडे कोर्टापुढे ठेवा.

सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयाआधी जप्तीसाठी राहत्या घरात शिरता येत नाही. दिवसा बेलिफ आला तर हुज्जत घालू नका. वॉरंटवरचं नाव, रक्कम आणि दरखास्त क्रमांक वाचा, पंचनाम्यात लिहिलेली प्रत्येक वस्तू बघा, भावाची किंवा बायकोची असलेली वस्तू 'माझी नाही' असं तिथेच नोंदवून घ्या आणि प्रत मागा. ज्याची वस्तू किंवा जमीन चुकीने जप्त झाली त्याने स्वतः ऑर्डर २१ नियम ५८ खाली हरकत घ्यायची, आणि तीही लिलावाआधी. एकत्र कुटुंबाच्या जमिनीत जामीनदाराचा हिस्सा जप्त होतो, बाकीच्यांचे हिस्से नाहीत. पण सातबारा एकट्याच्या नावावर असेल तर बाकीच्यांना आपला हक्क सिद्ध करावा लागेल.

नोटीस आल्यावर घाईघाईने बायकोच्या नावाने बक्षीसपत्र करण्याचा सल्ला कोणीतरी देतोच. जप्तीनंतरचं असं हस्तांतर धनकोविरुद्ध निरर्थक ठरतं. आधीचं असलं तरी धनकोला बुडवण्यासाठी केलं म्हणून ते रद्द करून घेता येतं. शिवाय मुद्रांकाचा खर्च वाया, आणि कोर्टापुढे तुमचा प्रामाणिकपणाही गेला. त्याची किंमत पुढच्या मुद्द्यात कळते.

अटकेची भीती

दिवाणी कैदेची धमकी वसुलीवाले सर्रास देतात. पैसे नाहीत म्हणून अटक होत नाही. आधी कारणे दाखवा नोटीस, मग चौकशी. पैसे असूनही द्यायचे टाळतोय, मिळकत लपवतोय किंवा पळून जाण्याच्या बेतात आहे, असं दिसलं तरच कैद. सुप्रीम कोर्टाने १९८० मध्ये जॉली जॉर्ज व्हर्गीस प्रकरणात हेच ठामपणे सांगितलं. स्त्रीला पैशाच्या हुकूमनाम्यापोटी अटक करता येत नाही. कैद जास्तीत जास्त तीन महिने, आणि कैद भोगली म्हणून कर्ज फिटत नाही. नोटीस आली तर हजर राहा आणि उत्पन्न, खर्च, अवलंबून असणारी माणसं यांचं प्रतिज्ञापत्र द्या. गैरहजर राहिलात तर वॉरंट निघू शकतं.

सहकारी संस्थेची वसुली

महाराष्ट्रात जामीनदारांना बऱ्याचदा हाच मार्ग भेटतो. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम १०१ खाली संस्था निबंधकाकडे अर्ज करते, कर्जदार आणि जामीनदार दोघांना नोटीस निघते, सुनावणी होते आणि दाखला मिळतो. पुढची जप्ती आणि विक्री कलम १५६ आणि नियम १०७ प्रमाणे वसुली अधिकारी करतो. तो संस्थेचाच कर्मचारी असू शकतो. म्हणजे धनको आणि वसुली करणारा एकाच इमारतीत बसतात. म्हणून इथे तोंडी बोलण्यावर भरवसा ठेवू नका, सगळं लेखी आणि पोच घेऊन.

सुनावणीची नोटीस आली तर हजर राहा. खातेउतारा, कर्जमंजुरीचा ठराव आणि तुमच्या सहीचा जामीनरोखा मागा. दाखला निघाल्यावर कलम १५४ खाली पुनरीक्षण अर्ज (निर्णय वरच्या अधिकाऱ्याकडून तपासून घेण्याचा अर्ज) दोन महिन्यांत करता येतो, पण त्यासाठी वसुलीयोग्य रकमेच्या ५० टक्के रक्कम आधी संस्थेत भरावी लागते. तीन लाखांच्या दाखल्याला दीड लाख भरल्याशिवाय अर्ज ऐकलाच जात नाही. बरेच अर्ज याच पायरीवर अडकतात. सुनावणीचा एक दिवस चुकवणं किती महाग पडतं, ते यावरून बघा.

जमिनीचा लिलाव झालाच तर लिलावापासून ३० दिवसांत थकबाकी आणि खरेदीदारासाठी बोलीच्या ५ टक्के रक्कम भरून विक्री रद्द करून घेता येते. दिवाणी कोर्टाच्या लिलावात अशीच सोय ऑर्डर २१ नियम ८९ खाली आहे, तिथे ६० दिवस मिळतात. त्याआधी नियम ८३ चा अर्ज करून बघावा: मिळकत स्वतः विकून किंवा गहाण टाकून पैसे उभे करायला कोर्ट वेळ देऊ शकतं. लिलावात मिळणारी किंमत आणि बाजारातली किंमत यांत मोठा फरक पडतो, तो असा वाचवता येतो.

पैसे भरताना

कर्जदाराच्या मिळकतीची यादी करा. सातबारा, आठ-अ, गाड्यांचे क्रमांक, दुकानाचा पत्ता, बँक खाती. ती लेखी पत्राने धनकोला द्या आणि प्रत दरखास्तीत दाखल करा. धनको तिकडे वळेलच असं बंधन नाही, पण आयती माहिती मिळाली की वळायची शक्यता वाढते.

हुकूमनाम्याचे पैसे बँकेच्या काउंटरवर भरले आणि कोर्टात नोंद झाली नाही, तर ऑर्डर २१ नियम २ प्रमाणे दरखास्त कोर्ट तो भरणा मानतच नाही. धनकोने तशी पुरसीस (कोर्टात द्यायचं लेखी निवेदन) दिली पाहिजे. त्याने दिली नाही तर भरल्यापासून ३० दिवसांत तुम्ही अर्ज करायचा, पावती जोडून. सगळ्यात सुरक्षित म्हणजे थेट कोर्टात भरणं आणि धनकोला नोटीस देणं. ती नोटीस बजावल्यापासून भरलेल्या रकमेवरचं व्याज थांबतं. वसुली एजंटाच्या हातात रोख देऊ नका. कितीही ओळखीचा असला तरी.

तडजोड करायची असेल तर लोकअदालत चांगली, कारण तिथला निवाडा हुकूमनाम्याइतकाच पक्का असतो आणि त्यावर अपील नाही. हेच तिचं जोखमीचं टोक. एक हप्ता चुकला तर पूर्ण मूळ रक्कम पुन्हा जिवंत होईल, असं कलम त्यात असतं का ते सही करण्याआधी वाचा. तुमच्याकडून हिश्श्याची रक्कम घेऊन तुम्हाला मोकळं करायचं ठरलं असेल, तर 'प्रतिवादी क्रमांक अमुक याच्याविरुद्ध वसुली पूर्ण' हे शब्द पुरसीशीत आले पाहिजेत. 'सहकार्याबद्दल आभार' असलेल्या बँकेच्या पत्राचा काही उपयोग नाही.

पैसे फिटल्यावर चार कागद घ्या: कोर्टाचा दरखास्त निकाली काढल्याचा हुकूम, जप्ती उठवल्याचं पत्र, संस्थेचा बेबाकी (काही देणं उरलं नाही असा) दाखला आणि नोकरीच्या ठिकाणी कपात बंद करण्याचा हुकूम. जमिनीवर बोजा चढला असेल तर जप्ती उठवल्याचा हुकूम घेऊन तलाठ्याकडे फेरफाराचा अर्ज करा. सातबाऱ्यावरच्या इतर हक्कांतली नोंद आपोआप जात नाही, आणि दहा वर्षांनी जमीन विकताना ती आडवी येते. पतमाहिती अहवालात खातं 'सेटल्ड' दिसतंय की 'क्लोज्ड' तेही बघा. पूर्ण रक्कम भरूनही 'सेटल्ड' लागलं असेल तर बँकेला आणि पतमाहिती कंपनीला दुरुस्तीचा अर्ज करा, कारण पुढचं कर्ज मागाल तेव्हा 'सेटल्ड' हा शेरा अडथळा ठरतो.

भरलेले पैसे परत मिळवायचे

पैसे भरले की जामीनदार धनकोच्या जागी येतो. करार कायद्याच्या कलम १४० प्रमाणे धनकोचे कर्जदाराविरुद्धचे हक्क त्याला मिळतात, कलम १४१ प्रमाणे धनकोकडचं तारणही, आणि कलम १४५ प्रमाणे योग्य रीतीने भरलेली सगळी रक्कम कर्जदाराकडून मागता येते. 'योग्य रीतीने' हे महत्त्वाचं: जास्तीच्या व्याजाची हरकत न घेता ६,८५,८०० भरले असतील तर कर्जदार म्हणू शकतो की देणं ५,६६,०००चंच होतं.

सहजामीनदार असतील तर कलम १४६ प्रमाणे आपसात समान वाटा. दोघांपैकी एकाने ५,६६,००० भरले तर तो दुसऱ्याकडून २,८३,००० मागू शकतो, किंवा कर्जदाराकडून पूर्ण, पण एकाच रकमेची दोनदा वसुली नाही. प्रत्येकाची जामिनाची मर्यादा वेगळी असेल तर प्रत्येकाने आपल्या मर्यादेपर्यंतच समान वाटा उचलायचा.

मूळ हुकूमनामा आपल्या नावावर वर्ग करून घेऊन कर्जदारावर दरखास्त लावता येईल, असं वाटतं खरं. पण ऑर्डर २१ नियम १६ मध्ये एक अट आहे: दोघांवर असलेला पैशाचा हुकूमनामा त्यांच्यातल्याच एकाकडे वर्ग झाला, तर तो दुसऱ्यावर बजावता येत नाही. म्हणून सरळ मार्ग म्हणजे वेगळा दावा. मुदत तीन वर्षं. कर्जदाराविरुद्ध ती धनकोला पैसे दिल्यापासून, सहजामीनदाराविरुद्ध स्वतःच्या वाट्यापेक्षा जास्त भरल्यापासून मोजतात. पगारातून महिना महिना कपात झाली असेल तर पहिल्या कपातीची तारीख धरून मोजा. शेवटच्या कपातीची वाट बघत बसलात तर सुरुवातीच्या रकमा मुदतबाह्य होण्याचा धोका राहतो. दाव्याला कपात दाखवणारी पगारपत्रकं, कोर्टातल्या भरण्याच्या पावत्या, दरखास्तीतल्या पुरसीशी आणि हुकूमनाम्याची प्रमाणित नक्कल जोडा. कर्जदार मिळकत विकायच्या तयारीत असेल तर दाव्यासोबतच ऑर्डर ३८ नियम ५ खाली निकालपूर्व जप्तीचा अर्ज द्या, आणि त्यात व्यवहार कोणाशी ठरतोय, कोणत्या गट क्रमांकाच्या जमिनीचा, ते प्रतिज्ञापत्रावर नेमकं लिहा.